१९४८चं जळीत : ऐकायचं कसं, लिहायचं कसं



मागे एका गावात गटाची बैठक संपली, हप्ते मोजून झाले, चहा आला. तेव्हा एका ताईंनी पिशवीतून एक पुस्तक काढून माझ्यापुढं ठेवलं. ‘माझा लढा’. हिटलरच्या पुस्तकाचं मराठी भाषांतर. त्यांचा मुलगा स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतो, त्याने एस्टी स्टँडवरच्या दुकानातून आणलेलं. ताई म्हणाल्या, "पोरगं म्हणतं, लई देशभक्त माणूस होता. खरं का ओ बाई?"

मी उत्तर देणार, तेवढ्यात कोपऱ्यात बसलेल्या एक आजी म्हणाल्या, "काय केलं त्यानं?" मी सांगितलं, एका जमातीच्या माणसांची घरं जाळली, दुकानं फोडली, मग माणसं मारली. आजी थोडा वेळ गप्प बसल्या आणि म्हणाल्या, "जळीत आपल्याकडं बी झालं होतं. अठ्ठेचाळीस सालात."

बैठकीतल्या तरुण सुनांना हे काहीच ठाऊक नव्हतं. शाळेत शिकवलेलं नाही, घरात कुणी बोलत नाही. गावात पडका वाडा आहे, त्याला ‘जळका वाडा’ म्हणतात, एवढंच माहीत. म्हणून आजचं बोलणं दोन्ही प्रश्नांवर आहे, ताईंच्या आणि आजींच्या. वरवर ते वेगळे दिसतात. माझ्या समजुतीनं त्यांचा सांधा एकच आहे. या विषयावर शोध घेताना आणि लिहिताना माझी कुठं कुठं अडचण झाली, तेही सांगते.

आधी ताईंचा प्रश्न. ज्यू म्हणजे यहुदी. आपल्याकडे कोकणात, अलिबागच्या बाजूला, पिढ्यान्‌पिढ्या ज्यू राहिले. ते तेलाच्या घाण्यावर काम करायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून लोक त्यांना ‘शनवार तेली’ म्हणायचे. त्यांची भाषा मराठी, बायका नऊवारी नेसायच्या, आणि त्यांच्या धर्मावरून शेजाऱ्यांनी त्यांना छळलं नाही. युरोपात मात्र ज्यूंवर शेकडो वर्षं राग होता. दुष्काळ पडला, साथ आली, लढाई हरली, की दोष त्यांच्यावर. हिटलर १९३३ साली जर्मनीत सत्तेवर आला आणि त्याने हा राग कायद्यात घातला. आजा-आजी ज्यू असले, तर नातवाला नागरिकाचे हक्क नाहीत.

१९३८च्या नोव्हेंबरमध्ये पॅरिसमध्ये सतरा वर्षांच्या एका ज्यू मुलाने जर्मन वकिलातीतल्या अधिकाऱ्यावर गोळ्या झाडल्या. त्याच्या आईबापांना जर्मनीतून हाकलून सरहद्दीवर नेऊन टाकलं होतं. तो अधिकारी ९ नोव्हेंबरला मेला आणि त्या रात्री सगळ्या जर्मनीत ज्यूंची प्रार्थनामंदिरं पेटवली गेली. सुमारे साडेसात हजार दुकानं फोडली, तीस हजारांच्या आसपास पुरुषांना धरून छळछावण्यांत नेलं. रस्ताभर काचा. त्या रात्रीला ‘फुटलेल्या काचांची रात्र’ असंच नाव पडलं. वर सरकारने ज्यूंनाच एक अब्ज मार्कांचा दंड केला. पुढच्या सहा-सात वर्षांत साठ लाख ज्यू मारले गेले. ताईंच्या मुलाला एवढं सांगा. पुस्तक काढून घेऊ नका, वाचू दे. पण त्याच्या शेजारी हेही वाचायला सांगा.

आता इथं एक गोष्ट सांगायला हवी, ती सांगताना लोकांना अवघड वाटतं. त्या काळी आपल्या महाराष्ट्रातही काही शिकलेल्या, मोठ्या माणसांना त्या राजवटींचं कौतुक होतं. मार्झिया कासोलारी नावाच्या इटलीच्या अभ्यासक बाईंनी जुनी मराठी वर्तमानपत्रं, डायऱ्या, पोलिसांचे अहवाल तपासून यावर २००० साली लेख लिहिला. हिंदू महासभेचे पुढारी डॉ. बा. शि. मुंजे १९ मार्च १९३१ रोजी रोममध्ये मुसोलिनीला भेटले आणि तिथल्या मुलांच्या लष्करी शिक्षणाने भारावून गेले. ते त्यांनी स्वतः डायरीत लिहून ठेवलंय. गोळवलकरांचं १९३९ सालचं इंग्रजी पुस्तक आहे, त्यात जर्मनीने ज्यूंना बाहेर काढलं त्यापासून हिंदुस्थानने धडा घ्यावा, असा विचार आहे. (पुढच्या काळात संघाने ते पुस्तक आपली भूमिका नाही, असं सांगितलं, हेही नोंदवायला हवं.) सावरकरांनी १९३८च्या भाषणांत इथल्या मुसलमानांबद्दल बोलताना जर्मनीतल्या ज्यूंचा दाखला दिला.

गंमत अशी, की याच सावरकरांनी १९४७ साली ज्यूंच्या स्वतंत्र देशाचं स्वागत केलं. मला आधी हे कोडं वाटायचं. मग लक्षात आलं, की इथल्या लोकांना ज्यूंशी काही देणंघेणं नव्हतंच. कोकणातल्या शनवार तेल्यांवर कुणी एक खडा मारला नाही. त्यांना नमुना हवा होता : एका देशात एका जमातीला पाहुणं ठरवायचं, आणि त्यांतल्या कुणी काही केलं की सगळ्यांना जाब विचारायचा.

याच १९३८च्या नोव्हेंबरमध्ये आपल्या जिल्ह्यात काय चाललं होतं, ते मात्र अभिमानानं सांगण्यासारखं आहे. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी, सूर्यनमस्कारांचा प्रसार करणारे, यांनी आपल्या वाढदिवसाला जाहीर केलं, की मी राज्याचा कारभार प्रजेच्या हाती देतो. १९३९च्या जानेवारीत औंधची घटना आली. गावानं पाच जणांची पंचायत निवडायची, पंचायतीनं कारभार बघायचा. ही घटना करण्यात गांधीजींचा सल्ला होता, राजपुत्र आप्पासाहेब पंतांची धावपळ होती, आणि तिसरा माणूस होता मॉरिस फ्रीडमन. हा पोलंडचा ज्यू. वॉर्साचा इंजिनीअर, म्हैसूर संस्थानात कारखाना चालवायला आलेला, मग खादीचे कपडे घालून ‘भारतानंद’ झालेला. जर्मनीत ज्यूंची दुकानं फुटत होती, तेव्हा एक ज्यू माणूस औंधात आपल्या शेतकऱ्यांच्या पंचायतीचे नियम लिहायला मदत करत होता. आटपाडीजवळचं स्वतंत्रपूर, ती भिंती नसलेली कैद्यांची वसाहत, हीसुद्धा त्याचीच कल्पना. शांतारामबापूंचा ‘दो आँखें बारह हाथ’ त्यावरून निघाला आणि त्याची कथा लिहिली माडगूळच्या ग. दि. माडगूळकरांनी. फ्रीडमन परत गेला नाही. पुढं मुंबईत निसर्गदत्त महाराजांची प्रवचनं इंग्रजीत आणण्याचं काम त्यानेच केलं. त्याच्या पोलंडात तीस लाखांच्या आसपास ज्यू मारले गेले.

आता आजींच्या प्रश्नाकडे येते.

नथुराम गोडसे हा बारामतीत जन्मलेला, वडील पोस्टात. वडिलांच्या निवृत्तीनंतर घर सांगलीला आलं. सांगलीत नथुराम शिवणकाम शिकला, शिंप्याचं दुकान काढलं. तिथंच तो संघात गेला, पुढं हिंदू महासभेत आणि पुण्यात ‘अग्रणी’ नावाचं वर्तमानपत्र चालवू लागला. त्याने संघ सोडला होता की नव्हता, यावर आजही भांडण आहे. धीरेंद्र झा या पत्रकाराने त्याची अटकेनंतरची जबानी दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात वाचून त्यावर पुस्तक लिहिलं, ते मिळालं तर वाचा.

३० जानेवारी १९४८, शुक्रवार. संध्याकाळी सव्वापाचच्या सुमाराला दिल्लीत प्रार्थनेला जाताना गांधीजींना गोळ्या घातल्या. फाळणीच्या जखमा ओल्या होत्या. मारणारा मुसलमान आहे अशी नुसती अफवा उठली असती, तरी देशभर कत्तली झाल्या असत्या. म्हणून रेडिओवरून मारेकरी हिंदू आहे, हे मुद्दाम सांगितलं गेलं. त्या एका शब्दाने हजारो जीव वाचले असतील. रेडिओवर काम करणाऱ्या आम्हां बायकांना ही गोष्ट फार जवळची वाटते.

पण थोड्याच वेळात नावही कळलं. उत्तर हिंदुस्थानात ‘गोडसे’ हे नुसतं एक नाव होतं. आपल्याकडे आडनाव ऐकलं की जात कळते. मारेकरी हिंदू हे ऐकून दिल्ली शांत राहिली, आणि मारेकरी ब्राह्मण हे कळून आपला भाग पेटला. मुंबई, पुणे, नागपूर इथं दंगे झाले, पण ते शहरापुरते. सातारा, सांगली, कोल्हापूर, बेळगाव या बाजूला ती आग खेड्यांत शिरली. कोल्हापुरात भालजी पेंढारकरांचा स्टुडिओ जळाला. एकट्या सातारा जिल्ह्यात हजाराच्या आसपास घरं जळाल्याचा आकडा अभ्यासकांनी दिला आहे. तेव्हाचा सातारा जिल्हा म्हणजे आजचे दोन्ही जिल्हे, त्यात तासगाव, खानापूर, वाळवा, शिराळा हे तालुकेही होते. अधेमधे सांगली, मिरज, जत, औंध, फलटण ही संस्थानं, ती ८ मार्च १९४८ला विलीन झाली, म्हणजे जळितानंतर पाच आठवड्यांनी. दक्षिण सातारा जिल्हा १९४९ला झाला आणि त्याला सांगली हे नाव १९६०ला मिळालं. तुमच्यापैकी कुणी जुने कागद बघायला गेली, तर हे लक्षात ठेवा. नाहीतर सांगलीचं गाव सांगलीच्या दप्तरात शोधत बसाल आणि ते साताऱ्याच्या किंवा संस्थानाच्या दप्तरात असेल.

ते तीन-चार दिवस कसे होते? मी वेगवेगळ्या गावांत ऐकलं, त्यात एक गोष्ट पुन्हा पुन्हा येते. जमाव बऱ्याच वेळा शेजारच्या गावाहून यायचा. दारात उभं राहून सांगायचे, माणसं बाहेर काढा. मग घरातली माणसं, जनावरं बाहेर यायची आणि घर पेटवायचे. म्हणून घरं जळाली त्या मानाने माणसं कमी मेली. पण माणसंही मेली, हे झाकून चालणार नाही. गोडसे कोकणस्थ. आपल्या भागातली बहुतेक ब्राह्मण घरं देशस्थ, काही कऱ्हाडे. जमावाला त्याच्याशी काय? ज्याने गांधी कधी पाहिले नाहीत, ज्याच्या घरी सूत कातलं जायचं, जो बेचाळीसच्या चळवळीत होता, त्याचंही घर गेलं. सोवळ्यातली म्हातारी, आलवण नेसलेली विधवा, जिला त्या घरातही कुणी विचारत नव्हतं, ती अंगणात उभी राहून घर जळताना बघत होती. गोडसे कोण, हे तिला कुणी सांगितलंही नसेल.

आणि वाचवणारेही होते. कुणी पोरांना कडब्याच्या गंजीमागं लपवलं, कुणी बाईला आपलं लुगडं नेसवून, डोक्यावर पाटी देऊन, घरची म्हणून गावाबाहेर काढलं. वाचवणाऱ्यांत बायका जास्त ऐकायला मिळतात. हे खरंच तसं होतं, की मी बायकांशीच जास्त बोलले म्हणून तसं वाटतं, ते मला ठरवता येत नाही.

हे का झालं? याला एका वाक्यात उत्तर देणारा माणूस भेटला की मी सावध होते. गांधीजी गेल्याचं दुःख खरं होतं. पण दुःखाच्या मागं दुसरा हिशोब होता आणि तोही खोटा नव्हता. कुळकर्ण्याचं वतन, सावकारी, गहाण पडलेली जमीन, विहिरीवर आणि देवळात होणारा अपमान, हे सगळं पिढ्यान्‌पिढ्या साठलेलं. अनेक ठिकाणी आधी खतं-वह्या जाळल्या गेल्या, त्यावरून हे कळतं. पत्री सरकारच्या दिवसांत इथल्या माणसाची सरकारची भीती गेली होती. सत्यशोधक जलशांनी शेटजी-भटजी कसे लुटतात, हे गावोगाव सांगितलं होतं. ते सांगणं बरोबरच होतं. पण लुटणाऱ्या सावकाराविरुद्ध उभं राहणं आणि त्याच्या जातीच्या भिक्षुकाचं छप्पर पेटवणं, यांत फरक आहे. जोतिबा फुल्यांचं मूळ गाव आपलं खटाव तालुक्यातलं कटगुण. त्यांच्याइतकी ब्राह्मणशाहीवर कुणी टीका केली नसेल. त्याच जोतिबा-सावित्रीबाईंनी १८६३ साली पुण्यात फसवल्या गेलेल्या विधवांसाठी घर काढलं, त्यात येणाऱ्या बहुतेक ब्राह्मण बायकाच होत्या, आणि त्यांतल्याच एकीचा मुलगा या दोघांनी दत्तक घेतला. त्याचं नाव यशवंत. अठ्ठेचाळीस सालच्या जमावाला जोतिबांचा वारस म्हणणारे लोक मला भेटलेत. मी त्यांना यशवंताची आठवण करून देते.

आता जर्मनीशी तुलना करू का? अर्धीच करते. एका माणसाने गोळी झाडली आणि त्याच्या सगळ्या जमातीची घरं पेटली, एवढं अगदी सारखं आहे. बाकी सारखं नाही. जर्मनीत आग सरकारने लावली होती, पोलीस बघत उभे होते. इथं सरकारने ती थांबवायला पोलीस आणि लष्कर धाडलं. जर्मनीतल्या ज्यूंनी कधी कुणावर जात म्हणून राज्य केलं नव्हतं. इथं ज्यांची घरं जळाली, त्यांच्या जातीने केलं होतं. आणि तिथं पुढं साठ लाख माणसं संपवली, इथं लोक पुण्या-मुंबईला गेले, नोकऱ्या धरल्या, बऱ्याच जणांचं बरंही झालं. म्हणून कुणी अठ्ठेचाळीसच्या जळिताला ज्यूंच्या संहाराच्या शेजारी बसवलं तर मी नाही म्हणते. आणि कुणी म्हणालं, "त्यांचं चांगलंच झालं, त्यात काय लिहायचं," तर त्यालाही नाही म्हणते.

पण एक गोष्ट मला बोचत राहते. आधी सांगितलं ते आठवा. जमातीतल्या कुणी काही केलं की सगळ्या जमातीला जाब विचारायचा, हा नमुना ज्यांनी बाहेरून आणायचा म्हटला, त्यांच्यातल्याच एकाने गोळी झाडली आणि तोच न्याय त्याच्या जातीच्या, काही संबंध नसलेल्या माणसांना भोगावा लागला. ज्यांनी तो भोगला, त्यांतल्या काही घरांत आज गोडसेचं कौतुक ऐकू येतं, आणि ज्यांनी आग लावली त्यांच्या नातवंडांच्या फोनवर आज तिसऱ्याच जमातीबद्दल तसलेच निरोप फिरतात. ताईंच्या मुलाने तो ‘माझा लढा’ आणला, तो या सगळ्यातूनच आणला.

आता लिहिण्याबद्दल. या विषयावर लिहिणाऱ्यांना काय काय आडवं आलं, ते बघा. मॉरीन पॅटरसन या अमेरिकन बाईंचा अठ्ठेचाळीस सालावरचा निबंध १९८८ला छापला गेला. एवढा बारकाईने त्यांच्याआधी फार कुणी लिहिलं नव्हतं. त्यांना पोलिसांच्या फाइली बघायला मिळाल्या नाहीत. मग त्यांनी माणसांना विचारून, वर्तमानपत्रं चाळून चित्र जुळवलं. मराठीत पहिल्यांदा मोकळेपणाने आलं ते कादंबरीतून, व्यंकटेश माडगूळकरांची ‘वावटळ’. पुण्याहून गावाकडे निघालेल्या तरुणांची गोष्ट. माणदेशातल्या ज्या बायकांना ती वाचून दाखवली, त्यांना गावं, ओढे, वाटा ओळखू आल्या. पण कादंबरी ती कादंबरी. तिच्यातलं वाक्य पुरावा म्हणून वापरता येत नाही.

पुराव्याचं एक उदाहरण आपल्याच जिल्ह्यातलं आहे. १९४४च्या जुलैमध्ये गांधीजी विश्रांतीसाठी पाचगणीला होते. पुण्याहून हिंदुत्ववादी तरुणांची टोळी तिथं गेली आणि त्यांच्यासमोर घोषणा दिल्या, एवढं नक्की. भिलारचे भिलारे गुरुजी, स्वातंत्र्यसैनिक, २०१७ साली वारेपर्यंत सांगत होते, की त्या वेळी गोडसे सुरा घेऊन धावला आणि आम्ही त्याला धरला. गांधीजींच्या खुनाच्या कटाचा तपास करायला नेमलेल्या न्यायमूर्ती कपूर आयोगापुढे ही साक्ष झाली. आयोगाचा अहवाल १९६९चा. आयोगाने सुऱ्याचा प्रकार सिद्ध मानला नाही. मग आपण काय लिहायचं? मला गुरुजींबद्दल आदर आहे, त्यांनी खोटं सांगितलं असं माझ्या तोंडून येणार नाही. तरी मी लिहिताना दोन्ही लिहिते. गुरुजी असं सांगायचे. आयोगाला ते पटलं नाही. आपल्या बाजूची गोष्ट आहे म्हणून आयोग गाळून टाकला, तर दुसऱ्या बाजूने केलेली गाळागाळ आपण कोणत्या तोंडानं दाखवणार?

शब्दांचंही तसंच. कुणी ‘गांधीवध’ म्हणतं, कुणी ‘गांधीहत्या’. वध कुणाचा होतो? कंसाचा, अफजलखानाचा. ज्याचा वध होतो तो राक्षस, हे शब्दातच आलं. मी खून म्हणते. पंचनाम्यात जे लिहितात, ते.

आणि ‘दंगल’ म्हणायचं का? दंगलीत दोन बाजू असतात. इथं एकच बाजू काठ्या घेऊन आली होती. आजींनी वापरला तो शब्द मला सगळ्यांत बरोबर वाटतो. जळीत.

नावं लिहायची का, ही सगळ्यांत मोठी अडचण. आग लावणाऱ्यांची नातवंडं आज गावात आहेत, आपल्या गटांत आहेत. आजोबाने केलं म्हणून नातसुनेकडे बोट दाखवलं, तर मघाशी सांगितलेला तोच नमुना माझ्या हातून झाला. म्हणून मी ठरवलंय : कागदावर, कोर्टात, पुस्तकात जे नाव आलंय तेच माझ्या तोंडून येईल. घरात बसून विश्वासाने सांगितलेलं नाव येणार नाही. पण गोष्ट येईल. ती गाळली, तर पुढच्या पिढीला असं वाटेल की वाडा आपोआप जळाला.

त्या दिवशी बैठक संपल्यावर आजी मला घरी घेऊन गेल्या. रेकॉर्डर बंद कर म्हणाल्या, केला. माळ्यावरून नातवाला सांगून एक तांब्याचं घंगाळ खाली काढलं. काळं पडलेलं, काठाला पोचा आलेला. आजी सून म्हणून त्या घरात आल्या त्याच्या आधीपासून ते तिथं होतं. सासऱ्यांनी आणलेलं, त्या दिवशी. सासूने ते कधी चुलाणावर चढवलं नाही, पाणी तापवलं नाही, मोडीतही दिलं नाही. दुष्काळात घरातली सगळी भांडी गेली, हे राहिलं. सुनेच्या हाती देताना एवढंच म्हणाली होती, की हे आपलं नाही.

आजींनी चिंच लावून एक बाजू घासली. अक्षरं वर आली. आपल्याकडे लग्नात भांड्यावर नाव घालतात तसं, एका बाईचं नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव. खाली गावाचं नाव होतं, ते पोच्यात गेलेलं, पहिली दोनच अक्षरं लागली.

"लिही," आजी म्हणाल्या, "पण आमचं गाव लिहू नगंस."

मी गाव लिहिलेलं नाही. भांड्यावरचं नाव वहीत उतरवून घेतलंय, तारीख घातलीय, कुणी दाखवलं त्या जागी ‘एक आजी’ एवढंच लिहिलंय. आजींना विचारलं, त्या घरातलं कुणी सापडलं तर? त्या म्हणाल्या, "तर न्यावं त्यांनी. भाडं मी दीन." पुण्यात, सांगलीत त्या आडनावाच्या चार घरांत मी विचारलं. तीन ठिकाणी आपलं नव्हे म्हणाले. चौथ्या घरातल्या बाई फोनवर बराच वेळ काही बोलल्या नाहीत, मग म्हणाल्या, सासूबाईंना विचारून सांगते. अजून त्यांचा फोन आलेला नाही. घंगाळ आजींच्या घरी, आता माळ्यावरून खाली काढून देवघराच्या भिंतीला लावून ठेवलंय.